काचेपलीकडचे अकरा आकडे

मी एक जुनी फाईल आहे. निळ्या प्लास्टिकची, बारा कप्प्यांची. माझे एक बटण तुटले आहे आणि पाठीवर मधोमध एक घडी पडली आहे, ती आता जायची नाही. कवळ्या बनवणाऱ्या एका कार्यशाळेत, कामाच्या टेबलाच्या सर्वांत खालच्या खणात मी पडून असते. माझ्यावर मेणाच्या वड्यांचे खोके ठेवले आहे. कोणी खण उघडला की प्लास्टरची भुकटी अंगावर पडते, तेवढाच दिवसातला बदल.

मित्रांनो, तुम्ही म्हणाल, फाईलला कसले आले आहे आयुष्य? कागद आत घालायचे, कागद बाहेर काढायचे. कारखान्यात दोन तापलेल्या पाट्यांमध्ये दाबून मला घडवले, तेव्हा मलाही तसेच वाटले होते. नंतर आठ महिने मी एका दुकानात कंपासपेट्या आणि गोंदाच्या बाटल्यांमध्ये उभी होते. मग एके दिवशी दोन बहिणी आणि एक चौदा वर्षांची मुलगी दुकानात आल्या.

धाकटी बहीण म्हणत होती, "ताई, परदेशी निघालीस आणि कागद कापडी पिशवीत? तिकडे माणसापेक्षा कागदाला मान असतो म्हणतात."

ती ताई म्हणजे माझी धनीण. मीही तिला ताईच म्हणत आले. ती कवळ्या घडवायची. दंतवैद्याकडून आलेल्या मापावरून मेणाचा साचा करायचा, त्यात एकेक दात असा बसवायचा की घालणाऱ्याला वाटावे, हे आपलेच. तिचा नवरा दोन वर्षांपूर्वी तापाचे निमित्त होऊन गेला होता. परदेशातल्या एका संस्थेने तिला तीन वर्षांचे प्रशिक्षण देऊ केले होते. मुलीने तोवर मावशीकडे राहायचे, आणि ताईची तिकडे पक्की नोकरी झाली की तिच्याकडे जायचे, असे ठरले होते.

घरी येऊन मुलीने जमिनीवर बसून माझे कप्पे लावले. "पहिल्यात पासपोर्ट. दुसऱ्यात तुझी सर्टिफिकेटं. तिसऱ्यात बाबांचा मृत्यूचा दाखला. चौथ्यात माझा जन्माचा दाखला. आई, हा हरवू नकोस हं, नाहीतर मी जन्मलेच नाही असं होईल."

"तू जन्मलीस हे मला कागद बघून कळायचंय का, छकू?" ताई म्हणाली. दोघी हसल्या. विमानतळावर मात्र कोणीच हसले नाही. ताईने मला दोन्ही हातांनी छातीशी धरले होते. ती घडी तेव्हाच पडली.

तिकडची पहिली तीन वर्षे मला फारसे काम नव्हते. संस्थेच्या वसतिगृहाचा पत्ता होता, संस्थाच सगळे कागद सांभाळत होती. ताई दिवसभर काम शिकायची, संध्याकाळी तिकडची भाषा शिकायची. रोज मुलीला फोन. मुलगी दहावी झाली, बारावीत गेली, केस कापून आली, पुन्हा वाढवले. ताईने हे सगळे तळहाताएवढ्या पडद्यावर पाहिले.

प्रशिक्षण संपले आणि याच कार्यशाळेच्या मालकीणबाईंनी तिला बोलावले. त्यांनी ताईने केलेली कवळी खिडकीच्या उजेडात फिरवून फिरवून पाहिली. "पक्की नोकरी देते," त्या म्हणाल्या. "फक्त तुमचा टॅक्स नंबर आणा. त्याच्याशिवाय करार नोंदवता येत नाही. तोवर शिकाऊ म्हणून येत जा."

कर भरणाऱ्या प्रत्येकाला तिकडे सरकार अकरा आकड्यांचा एक क्रमांक देते. तिथे जन्मलेल्यांना तो पाळण्यात असतानाच मिळतो. बाहेरून आलेल्याला तो मागावा लागतो. ताईला त्याची घाई होती, कारण नियम असा होता: पक्क्या नोकरीचा नोंदवलेला करार असेल तर आई आपल्या मुलाला बोलावून घेऊ शकते. पण अर्ज दाखल होईल त्या दिवशी मूल अठरा वर्षांच्या आतले हवे. मुलीला साडेसतरा वर्षे पूर्ण झाली होती. म्हणजे सहा महिने हातात होते. एका नंबरासाठी सहा महिने. ताईला वाटले, खूप झाले.

भेटीची वेळ मिळायलाच तीन आठवडे गेले. कर कार्यालयात खुर्च्या जमिनीला खिळ्यांनी ठोकलेल्या होत्या. यंत्रातून टोकन निघायचे, भिंतीवरचा आकडा बदलायचा. तीन नंबरच्या खिडकीत एक बाई होत्या. त्यांचा चष्मा साखळीने गळ्यात लटकलेला असे. काचेखालच्या फटीतून ताईने मला आत सरकवले.

"पत्त्याचा पुरावा?" चष्मेवाल्या बाईंनी विचारले.

ताईने सांगितले की ती आता एका खोलीत भाड्याने राहते. तोंडी ठरले आहे.

"तोंडी नाही चालत. करारनामा आणा."

घरमालक म्हातारे, कानाने कमी ऐकणारे आणि संशयाने जास्त ऐकणारे. ते म्हणाले, "करारनामा देतो की. त्यावर तुमचा टॅक्स नंबर लिहावा लागतो. तेवढा आणा."

ताई पुन्हा खिडकीवर गेली. तिथे पुन्हा, "करारनामा आणा." लग्न झाल्याशिवाय वेड जात नाही आणि वेड गेल्याशिवाय लग्न होत नाही, त्यातली ही गत. ताईने ही म्हण कार्यशाळेत मोडक्यातोडक्या शब्दांत सांगितली, तेव्हा सगळे पोट धरून हसले. प्लास्टरवाले काका तेवढे हसले नाहीत.

काका कार्यशाळेत प्लास्टर ओतायचे काम करीत. तेही तीस वर्षांपूर्वी दुसऱ्याच कुठल्या देशातून आलेले. ते म्हणाले, "अगं, माझ्या घरी राहायला ये. मग मी लिहून देतो, ही माझ्या घरी राहते म्हणून."

"काका, नुसतं लिहून दिलंत तरी..."

"खोटं कशाला लिहू? आमच्या शिलाईच्या खोलीत कपाट आहे, ते हलवू. मुलगी आली की तीही मावेल."

काकूंनी शिलाईचे मशीन स्वतःच्या पलंगापाशी नेले. भिंतीवरचा खिळा ताईच्या कोटासाठी तसाच ठेवला. दाराजवळच्या टपालपेटीवर काकांनी चिठ्ठी चिकटवली. तिच्यावर ताईचे नाव आणि आडनाव, ठळक अक्षरांत. पत्त्याची नोंद व्हायला पाच आठवडे लागले. नोंदीचा कागद माझ्या नवव्या कप्प्यात आला तेव्हा साडेतीन महिने उरले होते.

या वेळी चष्मेवाल्या बाईंनी सगळे कागद घेतले. एकेक कप्पा उघडत गेल्या आणि म्हणाल्या, "इतके नीट लावलेले कागद मी क्वचितच बघते." मित्रांनो, खोटे कशाला सांगू, माझी छाती फुगली. माझ्या आयुष्यातली ती एवढी एकच शाबासकी. ताईने सांगितले, "माझ्या मुलीने लावलेत." पण तिचे उच्चार बाईंना नीट कळले नसावेत. त्यांनी मान हलवली आणि टंकायला लागल्या.

ताईच्या पासपोर्टवर नावाचे तीन भाग होते: तिचे, नवऱ्याचे आणि आडनाव. बाईंच्या संगणकात रकाने दोनच. पहिल्यात तिचे नाव गेले, दुसऱ्यात नवऱ्याचे. आडनाव बाहेरच राहिले. पावतीवर ते घरी आल्यावर ताईला दिसले.

"काका, हे बघा. आडनावाच्या जागी ह्यांचं नाव पडलंय. जाऊन सांगू का?"

काकांनी चष्मा लावून पाहिले. "अगं, नंबर महत्त्वाचा. नाव काय, नंतर दुरुस्त होईल. आत्ता खोट काढायला गेलीस तर पुन्हा वेळ घ्या, पुन्हा रांग. मी तीस वर्षं बघतोय. असू दे."

ताईला ते पटले. मला कप्प्यातल्या कप्प्यात अस्वस्थ वाटले, पण फाईलला विचारतो कोण?

नंबर पत्राने येणार होता. सहा ते आठ आठवड्यांत. ताई कामावरून आली की आधी टपालपेटी उघडायची, मग कोट काढायची. जाहिराती यायच्या, काकांच्या विम्याची पत्रे यायची. सहा आठवडे झाले. ती कार्यालयात गेली, तर पहारेकऱ्याने दारातूनच सांगितले की आठ आठवडे पुरे झाल्याशिवाय चौकशी घेत नाहीत. आठही झाले. मग चौकशीची वेळ मिळायला आणखी काही दिवस गेले. या सगळ्या काळात तिने मुलीला एकच उत्तर दिले, "येईल गं, या आठवड्यात येईल." मुलीने मायदेशी मैत्रिणींना पुस्तके वाटून टाकली होती. मावशीने तिच्यासाठी जाड स्वेटर आणला होता.

ताई पुन्हा तीन नंबरच्या खिडकीत उभी राहिली, तेव्हा वाढदिवसाला तेवीस दिवस होते.

चष्मेवाल्या बाईंनी मला आत ओढून घेतले. पावती काढायला त्यांनी मला उघडे ठेवले, संगणकाच्या अगदी शेजारी. त्यांनी काही बटणे दाबली आणि कपाळाला आठ्या घातल्या.

"पत्र पाठवलं होतं. तुमचा नंबर केव्हाच तयार झालाय. पत्र परत आलं. 'या पत्त्यावर अशा नावाची व्यक्ती नाही.'"

टपालपेटीवर आडनाव होते. पाकिटावर त्या जागी नवऱ्याचे नाव. पोस्टमनचे काहीच चुकले नव्हते. जिवंतपणी जो माणूस कोणाच्या अध्यात ना मध्यात, तो गेल्यानंतर पाच वर्षांनी असा आडवा आला.

"मग ते पत्र मला इथेच द्या," ताई म्हणाली.

"परत आलेली पत्रं इथे येत नाहीत, मुख्य कार्यालयात जातात. नाव दुरुस्त करून नवीन पत्र पाठवते. चार आठवडे."

"चार आठवडे नाहीत माझ्याकडे. मॅडम, माझी मुलगी..." आणि ताई बोलायला लागली. तीन वर्षे शिकलेली सगळी भाषा तिने काचेवर ओतली. व्याकरण चुकत होते, शब्द मागेपुढे होत होते, पण सगळे कळत होते. मुलगी, अठरा वर्षे, तेवीस दिवस. मागच्या टोकनचा माणूसही घड्याळ बघायचा थांबला.

"हे तुम्ही आधी का नाही बोललात?" चष्मेवाल्या बाई हळूच म्हणाल्या.

ताईला वाटले होते, रडगाणे गाणाऱ्याचे काम मागे टाकतात. कागद नीट असले की पुरे, असे तिला वाटले होते.

"तुमच्या समोर आहे ना तो नंबर? पडद्यावर?" तिने विचारले.

"आहे."

"मग एका चिठोऱ्यावर लिहून द्या. मी कोणाला सांगणार नाही कुणी दिला ते."

बाईंनी पडद्याकडे पाहिले. मग उठून आतल्या खोलीत साहेबांना विचारायला गेल्या.

मित्रांनो, आता जे सांगते ते मी कोणालाच सांगू शकले नव्हते. बाई आत गेल्या तेव्हा मी त्या टेबलावर उघडी पडून होते. पडदा माझ्यापासून वीतभर अंतरावर होता आणि त्यावर तो नंबर होता. अकरा आकडे, काळे, ठसठशीत. सुरुवातीला चार, मग दोन शून्ये, मग सात. मी सगळा वाचला. पुन्हा वाचला. काचेपलीकडे ताई पंजे टेकवून उभी होती, तिच्या श्वासाने काचेवर धूसर ठिपका उमटत होता आणि जात होता. जिच्यासाठी ते आकडे होते तिला ते दिसत नव्हते, आणि मला दिसत होते. माझ्या बारा कप्प्यांत सतरा कागद होते, पण तोंड नव्हते. असा जन्म कोणाला येऊ नये.

बाई परत आल्या. त्यांनी खुर्चीत बसायच्या आधीच मान हलवली. "साहेब म्हणतात, नंबर फक्त पत्राने. खिडकीवर दिला तर माझी नोकरी जाईल." मग त्यांनी मला बंद केले, दोन्ही बटणे लावली आणि फटीतून बाहेर सरकवताना त्यांचा हात क्षणभर माझ्यावर तसाच राहिला. "मी दुरुस्ती आत्ताच पाठवते. मला वाईट वाटतंय," त्या म्हणाल्या. त्यांना खरेच वाईट वाटत होते. त्याने काय होणार होते?

त्या संध्याकाळी काकांनी टपालपेटीवरची चिठ्ठी नखांनी खरवडून काढली. मग तिन्ही नावांची नवी चिठ्ठी लावली. "माझीच मती फिरली," ते पुन्हा पुन्हा म्हणत होते. "तू म्हणालीस जाऊन सांगते, आणि मी म्हटलं असू दे. मी अडवलं तुला."

"काका, तुम्ही घर दिलंत," ताई म्हणाली. तिच्या मनात राग नव्हता. पण त्या दिवसानंतर काका जेवताना तिच्याकडे बघेनासे झाले. काकूंनी एकदा विषय काढला, तर ते ताटावरून उठून गेले.

मालकीणबाईंनी पत्र दिले, की नंबर येताच या बाईंना नोकरी पक्की आहे. ते घेऊन ताई कुटुंबांचे अर्ज घेणाऱ्या कार्यालयात गेली. तिथला तरुण अधिकारी सभ्य होता. त्याने सगळे वाचले.

"अर्ज अपूर्ण आहे. नोंदवलेला करार नाही. मी घेऊ शकत नाही."

"तुम्ही घेऊन ठेवा. करार मी मागून आणून देते. फक्त आजची तारीख टाका."

"अपूर्ण अर्जावर तारीख पडत नाही."

त्याने चौथ्या कप्प्यातला जन्माचा दाखला वर काढला होता. त्यावरच्या तारखेवर त्याचे बोट थांबले. त्याने हिशेब केला असावा, कारण त्याने तो दाखला फार जपून परत ठेवला. ताई बाहेर येऊन पायऱ्यांवर बसली. तिने मला उघडले आणि बोटांनी एकेक कागद चाचपत गेली, जणू आपलेच काहीतरी घालायचे राहिले असावे. राहिले काहीच नव्हते.

ते तेवीस दिवस कसे गेले ते मी सविस्तर सांगत नाही. टपालपेटी रिकामी निघायची, एवढेच. शेवटच्या आठवड्यात ताईने ती उघडण्याआधी तिच्यावर हात ठेवून थांबायला सुरुवात केली. मुलीच्या वाढदिवशी ताईने दुपारी फोन केला.

"आई, ऐक ना, रडू नकोस आधी," मुलगी म्हणाली. "मावशीने केक आणलाय. मी अठरा वर्षांची झाले, आता मला कुणी छकू म्हणायचं नाही."

"बरं, नाही म्हणत."

"पत्र आलं?"

"नाही."

मागे मावशी भांडी लावत होती, त्याचा आवाज येत होता.

"असू दे," मुलगी म्हणाली. "तू जेवलीस का?"

जेवलीस का, हे आईने विचारायचे असते. ताईने फोन ठेवला आणि भिंतीकडे तोंड करून बसून राहिली.

पत्र नऊ दिवसांनी आले. पाकिटावर तिन्ही नावे अगदी बरोबर होती. आत अकरा आकडे, मी पाहिले होते तेच. काकूंनी ते टेबलावर ठेवले होते. ताईने ते उभ्याउभ्याच वाचले, घडी घालून माझ्यात ठेवले आणि हात धुवायला गेली. दुसऱ्या दिवशी करार नोंदवला गेला. मालकीणबाईंनी हात मिळवला. कुटुंबाच्या कार्यालयातला तो अधिकारी या वेळी म्हणाला, "मुलगी आता सज्ञान आहे. आईच्या अर्जावर येऊ शकत नाही. तिला स्वतःच्या शिक्षणावर किंवा नोकरीवर यावं लागेल. तेही जमतं काहींना."

काहींना जमते. या मुलीला जमले नाही. दोनदा अर्ज केला, दोनदा नकार आला. ताईला पक्क्या नोकरीमुळे वर्षातून एकदा सुट्टी मिळू लागली. पहिल्या खेपेला ती घरी गेली तेव्हा मीही पिशवीत होते. मुलगी आईपेक्षा उंच झाली होती. ती आईशी फार चांगली वागली, पाहुण्यांशी वागतात तशी. पाण्याचा ग्लास तिने ताटलीत ठेवून आणला. रोजचे फोन रविवारचे झाले, मग एखादा रविवारही चुकू लागला. परवाच्या फोनवर ती म्हणाली, "आई, मी आता तिकडे येईन असं मला नाही वाटत. तू वाईट वाटून घेऊ नकोस." ताई म्हणाली, "नाही गं, वाईट कसलं." आणि हातातल्या मेणात दात बसवत राहिली. तो दात तिरपा बसला. तिने तो काढला, पुन्हा बसवला.

आता माझे काम संपले आहे. सगळे कागद ताईने कपाटात ठेवले आणि मला इथे खणात टाकले. मला फेकून दिले नाही, पण ती माझ्याकडे बघतही नाही. मी तिला दोष देत नाही. काकाही मेणाची वडी हवी असली तर हा खण दुसऱ्या कोणाला उघडायला सांगतात.

मित्रांनो, मी साधी फाईल आहे, तुम्हाला शहाणपण शिकवायची माझी पात्रता नाही. माझ्यासारख्यांना जपा, कागद दुमडू नका, हे तर मी सांगतेच. पण तुमच्यापैकी कोणीतरी उद्या मोठे होऊन खिडकीच्या आतल्या बाजूला बसेल. तुमच्याकडे नियम असतील आणि ते पाळावेच लागतील. समोर नीटनेटकी फाईल येईल, आणि ती आणणारे माणूस भाषा येत नाही म्हणून किंवा भीड पडते म्हणून गप्प उभे असेल. त्याच्या गप्प राहण्याला निवांतपणा समजू नका. पहिला कागद हातात घेण्याआधी त्याला एवढेच विचारा, "तुम्हाला हे कधीपर्यंत हवंय?"

ताई त्या इमारतींच्या खिडक्यांवर अकरा वेळा गेली. मी प्रत्येक वेळी तिच्याबरोबर होते. हा प्रश्न तिला कोणीही विचारला नाही.